हुडिनीची पेटी आणि दीड तासाची हवा

५ ऑगस्ट १९२६. न्यूयॉर्कच्या लेक्झिंग्टन अव्हेन्यूवरचं शेल्टन हॉटेल. हॉटेलच्या पोहण्याच्या तलावाभोवती वार्ताहर आणि डॉक्टर उभे आहेत. ५२ वर्षांचा, बुटका, मजबूत बांध्याचा एक माणूस पत्र्याच्या शवपेटीत आडवा होतो. झाकण बंद करून सांधे हवाबंद केले जातात आणि पेटी पाण्याखाली बुडवली जाते. आत हवेची नळी नाही, प्राणवायूचं नळकांडं नाही. बाहेरच्या सहायकाशी बोलायला टेलिफोनची तार तेवढी आहे.

अशा पेटीत माणूस तीन-चार मिनिटांत गुदमरेल असं काही जाणकार सांगत होते. पेटी उघडली गेली ती सुमारे दीड तासानं. आतला माणूस घामानं निथळत होता, पांढराफटक पडला होता, पण जिवंत होता. त्यानं जाहीर करून टाकलं की यात जादू नाही, हातचलाखी नाही आणि दैवी शक्ती तर मुळीच नाही.

हा माणूस म्हणजे हॅरी हुडिनी. आयुष्यभर ज्यानं आपल्या युक्त्या लपवून पैसे कमावले, तो इथं मात्र ‘युक्ती नाही’ असं ओरडून का सांगत होता? आणि तो खरं बोलत होता का? दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर तुम्हाला शाळेतल्या गणितावर काढता येईल. लेखाच्या उत्तरार्धात आपण ते काढूच. आधी हा माणूस त्या पेटीपर्यंत कसा पोचला ते पाहू.

राबायचा मुलगा

हुडिनीचं मूळ नाव एरिक वाइस. जन्म २४ मार्च १८७४, बुडापेस्ट. वडील ज्यूंचे धर्मगुरू, म्हणजे रब्बाय. १८७८ मध्ये हे कुटुंब अमेरिकेत आलं आणि विस्कॉन्सिनमधल्या ॲपलटन गावात राहू लागलं. पुढं वडिलांची नोकरी गेली. मिलवॉकी आणि मग न्यूयॉर्क अशी फरफट झाली. इंग्रजी नीट न येणारे वडील, हलाखीचं घर आणि लवकर कामाला लागलेली मुलं. परदेशात येऊन बस्तान बसवण्याची ही गोष्ट आपल्यापैकी अनेकांना थोडीफार ओळखीची वाटेल. हुडिनी पुढं आयुष्यभर आपला जन्म ॲपलटनचाच असल्याचं सांगत राहिला.

नेकटायच्या कारखान्यात कापड कापण्याचं काम करता करता त्याच्या हाती रोबेर-उदँ या फ्रेंच जादूगाराचं आत्मचरित्र पडलं. त्या नावाला शेवटी एक ‘आय’ जोडला की ‘त्याच्यासारखा’ असा अर्थ होतो, असं एका मित्रानं सांगितलं आणि १८९१ च्या सुमारास एरिकचा हुडिनी झाला. १८९४ मध्ये बेसशी लग्न झालं आणि नवरा-बायको मिळून सर्कशीत, जत्रेत, मिळेल तिथं खेळ करू लागले. पत्त्यांच्या जादूनं पोट भरत नव्हतं. १८९९ मध्ये मार्टिन बेक नावाच्या नाट्य-व्यवस्थापकानं त्याचा बेड्या सोडवण्याचा खेळ पाहिला आणि बाकीचं सोडून हेच कर असा सल्ला दिला. वर्षभरात हुडिनी लंडनच्या रंगमंचावर होता.

सुटका कशी होते?

हुडिनीच्या सुटकांमागे तीन गोष्टी होत्या, आणि तिन्ही विज्ञानाच्या कक्षेतल्या आहेत.

पहिली, कुलपांचा अभ्यास. त्या काळच्या बेड्या मोजक्याच साच्यांच्या असत आणि एका साच्याच्या सगळ्या बेड्यांना एकच किल्ली लागे. काही इंग्लिश बेड्यांची आतली स्प्रिंग इतकी साधी होती की ठराविक जागी ठोकलं की बेडी उघडायची. हुडिनीनं शेकडो कुलपं खोलून पाहिली होती. लोकांना चमत्कार दिसायचा. त्याच्या दृष्टीनं तो अवजारांचा आणि पाठांतराचा प्रश्न होता.

दुसरी, शरीराचा अभ्यास. स्ट्रेटजॅकेट म्हणजे मनोरुग्णांना आवरण्यासाठी वापरत तो लांब बाह्यांचा जाड कॅनव्हासचा अंगरखा. हात छातीवर घडी घालून बाह्या पाठीमागं पट्ट्यांनी बांधतात. हुडिनी बांधून घेतानाच छाती फुगवायचा आणि एक हात दुसऱ्यावर घट्ट दाबून धरायचा. श्वास सोडला की तेवढी जागा मोकळी. ती चार बोटं जागा मिळाली की खांद्याच्या जोरावर हात डोक्यावरून पुढं आणायचे आणि मग बक्कल दातांनी आणि कापडाआडून बोटांनी सोडवायची. पुढं तो हाच प्रयोग उंच इमारतीवरून उलटं टांगून घेऊन करू लागला. खाली हजारो लोक श्वास रोखून उभे. उलटं लटकल्यावर सुटका अवघड होत असणार असं आपल्याला वाटतं, पण डोकं खाली असताना हात डोक्याकडं सरकवायला गुरुत्वाकर्षण मदतच करतं. धोका खरा होता, पण प्रेक्षक समजत होते तिथं तो नव्हता.

तिसरी गोष्ट श्वासाची. १९०८ मध्ये त्यानं दुधाच्या मोठ्या कॅनचा प्रयोग सुरू केला. पाण्यानं काठोकाठ भरलेल्या कॅनमध्ये तो शिरायचा आणि झाकणाला बाहेरून कुलपं लागायची. ‘माझ्याबरोबर तुम्हीही श्वास रोखा’ असं तो प्रेक्षकांना आधीच सांगायचा. मिनिटभरात सभागृह धापा टाकू लागे आणि हुडिनी अजून आतच. कॅनची मान खालच्या भागापासून सुटी होईल अशी बनवलेली होती, कुलपांना हात लावायची गरजच नव्हती. पण पाण्याखाली शांत राहणं खरं होतं. त्यासाठी तो घरी टबात श्वास रोखण्याचा सराव करायचा.

इथं एक गोष्ट लक्षात ठेवा, पुढं लागणार आहे. श्वास रोखल्यावर छातीत जी घुसमट होते ती मुख्यतः प्राणवायू संपल्यामुळं होत नाही. रक्तात कार्बन डायऑक्साईड साठला की मेंदू ‘श्वास घे’ असा आदेश देतो. म्हणूनच बुडी मारण्यापूर्वी जोरजोरात श्वास घेणं घातक ठरतं. त्यानं कार्बन डायऑक्साईड धुऊन निघतो, प्राणवायू मात्र फारसा वाढत नाही. मग धोक्याची घंटा वाजण्याआधीच माणूस पाण्यात बेशुद्ध पडतो. तलावावर मुलं अशी पैज लावताना दिसली तर त्यांना जरूर थांबवा.

आईचं पत्र

१९१३ मध्ये हुडिनीची आई वारली. तो युरोपात होता, शेवटची भेट झाली नाही. हे दुःख त्याच्या मनातून कधीच गेलं नाही.

पुढच्या काही वर्षांत पहिलं महायुद्ध आणि १९१८ ची फ्लूची साथ यांनी घरोघरी माणसं नेली. मेलेल्यांशी बोलणं करून देतो म्हणणाऱ्या ‘माध्यमां’ची अमेरिकेत आणि इंग्लंडमध्ये चलती झाली. आपल्याकडच्या प्लँचेटसारख्या, पण मोठ्या थाटाच्या बैठका होत. अंधार, गोल टेबल, एकमेकांचे धरलेले हात, आपोआप वाजणारी घंटा. शेरलॉक होम्सचे जनक आर्थर कॉनन डॉईल या पंथाचे मोठे प्रचारक होते. त्यांचा मुलगा १९१८ मध्ये गेला होता.

डॉईल आणि हुडिनी यांची मैत्री झाली. जून १९२२ मध्ये ॲटलांटिक सिटीत डॉईलबाईंनी हुडिनीसाठी खास बैठक घेतली. त्यांच्या हातून भराभर पानंच्या पानं लिहिली गेली. आई मुलाला प्रेमानं सांगत होती की मी सुखात आहे. पानाच्या माथ्यावर क्रूस काढलेला होता आणि सगळा मजकूर इंग्रजीत होता.

हुडिनी गप्प बसला. रब्बायची बायको क्रूस काढेल का? आणि त्याच्या आईला इंग्रजी जेमतेम येत होतं. संदेश माध्यमाच्या भाषेत उतरतो, असं डॉईल यांचं म्हणणं. पुढं ही मैत्री तुटली.

हुडिनीला विश्वास ठेवायचा नव्हता असं नाही. त्याला आईचा एक शब्द हवा होता. म्हणूनच खोटा शब्द त्याला सहन झाला नाही.

वैज्ञानिक का फसतात?

डिसेंबर १९२२ मध्ये ‘सायंटिफिक अमेरिकन’ मासिकानं बक्षीस जाहीर केलं. आत्म्याचा खरा फोटो काढून दाखवणाऱ्याला २,५०० डॉलर आणि नियंत्रित परिस्थितीत आत्म्याचा दृश्य चमत्कार दाखवणाऱ्याला २,५०० डॉलर. परीक्षक समितीत मानसशास्त्रज्ञ विल्यम मॅकडूगल, भौतिकशास्त्रज्ञ डॅनियल कॉमस्टॉक, वॉल्टर प्रिन्स, हिअरवर्ड कॅरिंग्टन आणि हुडिनी असे पाच जण होते.

सगळ्यात जवळ पोचली ती बॉस्टनची मीना क्रँडन, टोपणनाव ‘मार्जरी’. नामवंत शल्यचिकित्सकाची ही बायको पैसे घेत नसे. तिच्या बैठकीत तिचा मेलेला भाऊ वॉल्टर बोलायचा, टेबलं हलवायचा, पेटीतली घंटा वाजवायचा. समितीतले काही जण जवळजवळ पटल्यासारखे झाले होते.

जुलै १९२४ मध्ये हुडिनी तिच्या शेजारी अंधारात बसला. नियम असा की माध्यमाचा हात त्यानं धरायचा आणि पायाला पाय लावून ठेवायचा. घंटेची पेटी त्याच्या पायांजवळ होती. हुडिनीनं दिवसभर गुडघ्याखाली घट्ट रबरी पट्टी बांधून ठेवली होती. बैठकीपूर्वी ती काढली तेव्हा पाय सुजून इतका हळवा झाला होता की नुसता स्पर्शही जाणवावा. अंधारात मार्जरीचा घोटा इंच-इंच सरकत पेटीकडं जाताना त्याला कळला, आणि मग घंटा वाजली.

ही पट्टी मला हुडिनीच्या सगळ्या साखळदंडांपेक्षा जास्त आवडते. डोळ्यांना काही दिसणार नसेल तर मोजायला दुसरं साधन हवं. त्यानं स्वतःच्या पायाचंच उपकरण केलं आणि त्याची संवेदनशीलता वाढवली.

पुढच्या महिन्यातल्या बैठकींत मार्जरीला लाकडी पेटीत बसवलं गेलं आणि पेटीत एक घडीची फूटपट्टी सापडली. ती कुणी ठेवली यावरून दोन्ही बाजूंनी एकमेकांवर आरोप केले आणि तो वाद निर्णायकपणे कधीच मिटला नाही. १९२५ मध्ये समितीनं बक्षीस नाकारलं. १९३२ मध्ये मात्र एक मजेदार गोष्ट उघड झाली. वॉल्टरच्या आत्म्यानं मेणावर उमटवलेला म्हणून दाखवला जाणारा अंगठ्याचा ठसा मार्जरीच्या दाताच्या डॉक्टरचा निघाला, आणि डॉक्टर चांगला जिवंत होता.

मोठे वैज्ञानिक इथं कमी का पडतात? कारण निसर्ग अवघड असतो, पण तो लबाडी करत नाही. इलेक्ट्रॉन वैज्ञानिकाला मुद्दाम फसवत नाही. त्यामुळं समोरचा माणूस ठरवून फसवतो आहे, ही शक्यता गृहीत धरण्याची सवय प्रयोगशाळेत लागत नाही. ती जादूगाराला असते.

आता गणित

१९२६ च्या उन्हाळ्यात रहमान बे नावाचा एक ‘फकीर’ न्यूयॉर्कमध्ये गाजत होता. आपण समाधीत जातो, श्वास थांबवतो आणि म्हणून बंद शवपेटीत पाण्याखाली तासभर राहू शकतो, असा त्याचा दावा. त्याच्या कार्यक्रमाचं निवेदन करत होते कॅरिंग्टन, म्हणजे समितीतले तेच. हुडिनीचं म्हणणं होतं की यात समाधी-बिमाधी काही नाही, हे कुणालाही जमेल. आणि ते सिद्ध करायला तो स्वतः पेटीत शिरला.

कागद घ्या. पेटी अंदाजे २ मीटर लांब, अर्धा मीटर रुंद, अर्धा मीटर उंच धरू. आकारमान अर्धा घनमीटर, म्हणजे ५०० लिटर. आतल्या माणसाचं शरीर सुमारे ७० लिटर जागा घेतं. उरली ४३० लिटर हवा. हवेत प्राणवायू २१ टक्के, म्हणजे सुमारे ९० लिटर.

शांत पडलेला माणूस मिनिटाला सुमारे पाव लिटर प्राणवायू वापरतो. तीन मिनिटांत पाऊण लिटर. ९० लिटरमधले पाऊण! तीन मिनिटांत गुदमरण्याचं भाकीत इथंच कोसळतं. दीड तासात खर्च होतो सुमारे साडेबावीस लिटर. उरले साडेसदुसष्ट, म्हणजे पेटीतल्या हवेच्या जवळपास १६ टक्के. श्वासात मिळणाऱ्या प्राणवायूच्या हिशेबानं हे साधारण मेक्सिको सिटीच्या उंचीवर, म्हणजे सुमारे २,२०० मीटरवर राहण्यासारखं झालं. तिथं लाखो लोक रोज कामाला जातात.

आता दुसरी बाजू. शरीर मिनिटाला साधारण ०.२ लिटर कार्बन डायऑक्साईड बाहेर टाकतं. दीड तासात १८ लिटर, म्हणजे ४ टक्क्यांच्या थोडं वर. बाहेरच्या हवेत तो ०.०४ टक्क्याच्या आसपास असतो, म्हणजे पेटीत शंभरपट. इतक्या प्रमाणात धाप लागते, डोकं ठणकतं, छाती भरून येते. म्हणजे हुडिनीला जो छळ सोसावा लागला तो मुख्यतः प्राणवायूच्या कमतरतेचा नव्हता, कार्बन डायऑक्साईडचा होता. कॅनमधली तीच घंटा, फक्त इथं ती हळूहळू वाजत गेली.

१६ टक्के प्राणवायू आणि ४ टक्के कार्बन डायऑक्साईड हे आकडे कशाचे आहेत? आपण सोडलेल्या श्वासाचे. दीड तासाअखेर पेटीतली सगळी हवा एकदा वापरून सोडलेल्या श्वासासारखी झाली होती. असा श्वास पुरतो का? तोंडाला तोंड लावून दिलेल्या कृत्रिम श्वासानं माणसं वाचतात, ती याच हवेवर.

आता कल्पना करा की माणूस घाबरला आणि झाकणावर लाथा मारू लागला. प्राणवायूचा वापर सहज चौपट होतो. कार्बन डायऑक्साईड २० मिनिटांतच ४ टक्क्यांवर जातो आणि पाऊण तासात ८ टक्क्यांच्या वर, जिथं माणूस शुद्ध हरपू शकतो. पेटी तीच, हवा तीच, फरक फक्त भीतीचा. हुडिनीनं आधी सराव करून पाहिला होता आणि पेटीत तो स्थिर पडून उथळ श्वास घेत राहिला. रहमान बेची ‘समाधी’ म्हणजे फार तर एवढंच. गुपित गणितात होतं आणि ते गणित कुणी मांडलं नव्हतं.

हे सगळं वर्तमानपत्री चढाओढीसाठीच होतं असंही नाही. अमेरिकेच्या खाण विभागातल्या डॉ. मॅककॉनेल या शरीरक्रिया-तज्ज्ञाला हुडिनीनं आपले अनुभव कळवले. खाण कोसळून आत अडकलेल्या कामगारानं धडपड न करता शांत पडून राहिलं तर त्याच्या वाट्याला किती वेळ येतो, हा प्रश्न त्याच्या डोळ्यांसमोर होता.

एक सूचना: हे गणित कागदावरच करायचं आहे. पेटी लहान असेल, आत दोघं असतील किंवा लहान मूल घाबरलेलं असेल, तर आकडे भराभर बदलतात. टाकून दिलेल्या फ्रीजमध्ये आणि गाडीच्या डिकीत मुलं याच कारणानं दगावतात.

जिथून सुटका झाली नाही

पेटीच्या प्रयोगानंतर हुडिनी तीन महिनेही जगला नाही. ऑक्टोबरमध्ये आल्बनीला पाण्याच्या पेटीच्या खेळात त्याचा घोटा मोडला. २२ ऑक्टोबरला माँट्रियलमध्ये एका विद्यार्थ्यानं, तुम्ही पोटावरचे ठोसे सोसू शकता का असं विचारत, तो सावरायच्या आत ठोसे लगावले. दोन दिवसांनी डेट्रॉइटला तो ४० अंश सेल्सिअस तापात रंगमंचावर उभा राहिला. मग शस्त्रक्रिया झाली. अपेंडिक्स फुटलं होतं आणि जंतुसंसर्ग पोटभर पसरला होता. ३१ ऑक्टोबर १९२६ ला तो गेला.

ठोशांनीच अपेंडिक्स फुटलं, ही गोष्ट तुम्ही ऐकली असेल. अपेंडिक्सचा दाह बहुधा आतूनच सुरू होतो. ठोशांच्या दुखण्यामुळं खरं दुखणं झाकलं गेलं आणि डॉक्टरकडं जायला उशीर झाला, हे जास्त संभवतं. पेनिसिलिनचा शोध दोन वर्षांनी लागला आणि ते रुग्णांपर्यंत पोचायला १९४० चं दशक उजाडलं. वेदना सोसायची सवय हे त्याचं भांडवल होतं. शेवटी त्याच सवयीनं घात केला.

मरणानंतर खरंच काही उरत असेल तर मी तुला खूण पाठवीन, असं तो बेसला सांगून गेला होता आणि दोघांनी एक सांकेतिक संदेश ठरवला होता. म्हणजे इथंही त्यानं चाचणीची अट आधीच लिहून ठेवली. बेस दहा वर्षं दर ३१ ऑक्टोबरला वाट पाहत राहिली. १९३६ मध्ये हॉलीवूडच्या एका हॉटेलच्या गच्चीवर शेवटची बैठक झाली. काही आलं नाही. तिनं बैठका थांबवल्या.

१९५६ मध्ये जेम्स रँडी हा जादूगार अशाच पेटीत पाण्याखाली १०४ मिनिटं राहिला. पुढं त्यानं अलौकिक शक्ती सिद्ध करणाऱ्याला जाहीर केलेलं बक्षीस १० लाख डॉलरपर्यंत वाढलं. श्रीलंकेत अब्राहम कोवूर यांनी १९६३ मध्ये असंच लाख रुपयांचं आव्हान दिलं आणि महाराष्ट्रात अंधश्रद्धा निर्मूलन समितीनं २१ लाखांचं. ही बक्षिसं कुणालाच जिंकता आली नाहीत.

पुढच्या वेळी घरच्या व्हॉट्सॲप गटावर कुणी जमिनीखाली समाधी घेतलेल्या बाबाचा व्हिडिओ पाठवला, तर रागावू नका आणि हसूही नका. खड्ड्याची लांबी, रुंदी आणि उंची विचारा. मग बाबा आत किती वेळ होते ते विचारा. पुढचं गणित तुम्हाला आता येतं.